शंभर वर्षांपूर्वीच्या ‘रील्स’मधला संशयी प्रियकर: मूकपटांनी जेलसी कशी दाखवली?

‘रील’ हा शब्द इन्स्टाग्रामने शोधलेला नाही. सिनेमाची फिल्म ज्या चकतीवर गुंडाळलेली असायची तिला रील म्हणायचे, आणि १९१० च्या आसपास बरेचसे सिनेमे अशा एकाच रीलमध्ये संपायचे. हजारेक फूट फिल्म, दहा ते पंधरा मिनिटांचा खेळ. आवाज नाही. मध्येच चार शब्दांची पाटी यायची आणि पुन्हा चित्रं सुरू.

या इवल्याशा सिनेमांचा एक आवडता विषय होता: जेलसी. साधीसुधी नाही, डोक्यात जाणारी. बायकोला भिंतीत चिणणारा राजा, प्रियकरावर चाकू चालवणारी पियानो शिक्षिका, आणि (हे खरं आहे) किल्लीच्या भोकातून दुसऱ्याचं लफडं शूट करणारा एक नाकतोडा.

हे सिनेमे आज बघायचे कशासाठी? कारण संशय माणसाच्या डोक्यात कसा काम करतो, हे त्यांनी अगदी उघडं करून दाखवलंय. आणि शंभर वर्षांनी हातात मोबाइल आला तरी ते काम फारसं बदललेलं नाही.

आधी शब्दाचं बघू

नात्यातल्या जेलसीला मराठीत नेमकं काय म्हणायचं? मत्सर, हेवा, असूया हे शब्द शेजाऱ्याच्या नव्या गाडीलाही चालतात. बोलताना आपण जो शब्द खरंच वापरतो, तो आहे ‘संशय’. ‘तो तिच्यावर संशय घेतो.’ आणि पेपरातली ती ओळ तर आपल्याला पाठ आहे: ‘चारित्र्याच्या संशयावरून पत्नीचा खून.’ ती इतक्यांदा वाचलीये की आता आपण तिच्यावर थांबतही नाही.

हा शब्द भावनेपेक्षा पुराव्याकडे जास्त बोट दाखवतो. संशय म्हणजे काहीतरी दिसलं, त्यावरून काहीतरी जुळवलं आणि निकाल लावून टाकला. समोरच्याला विचारलं का? त्याचं ऐकून घेतलं का? संशयाला बघायचं असतं, ऐकायचं नसतं.

आता मूकपटाचा विचार करा. तिथे ऐकायची सोयच नव्हती. ज्याच्यावर आरोप आहे तो पडद्यावर तोंड हलवतो, हात जोडतो, पण त्याचा आवाज कुणापर्यंत पोचत नाही. संशयी माणसाला जग जसं दिसतं, तसंच मूकपटाला दिसायचं. म्हणून हा विषय या माध्यमाला इतका चपखल बसला.

‘द सील्ड रूम’: राजा एक शब्दही विचारत नाही

१९०९ साली अमेरिकेत बायोग्राफ कंपनीसाठी डी. डब्ल्यू. ग्रिफिथने हा साधारण ११ मिनिटांचा सिनेमा केला. हाच ग्रिफिथ पुढे मोठमोठ्या आणि वादग्रस्त सिनेमांसाठी ओळखला गेला. पण त्याआधी १९०८ ते १९१३ या काळात त्याने असे शेकडो छोटे सिनेमे काढले. ‘द सील्ड रूम’च्या कथेमागे फ्रेंच लेखक बाल्झाक आणि अमेरिकन लेखक एडगर अ‍ॅलन पो यांच्या भिंतीत चिणण्याच्या गोष्टी आहेत.

कथा दोन ओळींची. एक राजा आपल्या लाडकीसाठी खास खोली तयार करून घेतो. खोलीला खिडकी नाही, दार एकच. दोघांना एकांत मिळावा म्हणून. पण तिचं प्रेम दरबारातल्या गायकावर आहे आणि राजाची पाठ वळली की ती त्याच खोलीत त्याला भेटते. राजाला हे कळतं.

इथून पुढे सिनेमा खरा सुरू होतो. राजा आत जाऊन ओरडत नाही. जाब विचारत नाही. तो गवंड्यांना बोलावतो. आत दोघं एकमेकांत रमलेले, बाहेर गवंडी आवाज न करता दगडावर दगड रचतायत. एकदा आतलं दृश्य, एकदा बाहेरचं. दोघांना जाग येते तेव्हा दाराच्या जागी भिंत असते आणि हळूहळू हवा संपत जाते.

भिंतीत चिणणं म्हटलं की आपल्याला अनारकली आठवते. त्या दंतकथेत शिक्षा देणारा बाप आहे, बादशहा आहे. इथे शिक्षा देणारा प्रियकरच आहे, आणि भिंत उभी राहते ती त्याने प्रेमाने बांधलेल्या खोलीलाच.

थोडं मागे जाऊन बघा. ती खोली पहिल्या दिवसापासून काय होती? खिडकी नसलेली, एका दाराची जागा. फसवणूक कळल्यावर राजाने फक्त शेवटची फट बुजवली. ‘मी तुझ्यासाठी एवढं केलं’ आणि ‘तू कुठेही जायचं नाहीस’ ही दोन वाक्यं या सिनेमात पहिल्या मिनिटापासून एकच आहेत.

तिने फसवलं होतं का? हो. सिनेमा ते लपवत नाही. पण फसवणुकीची भरपाई म्हणून जीव घेणं, हा हिशेब राजा स्वतःच मांडतो आणि स्वतःच पास करतो. तिची बाजू काय होती? तिला ती खोली कधी हवी होती का? हे विचारायला राजाकडे वेळ नाही आणि सिनेमाकडे आवाज नाही.

‘आफग्रुंडन’: संशय फक्त पुरुषांनाच येतो का?

अजिबात नाही. १९१० साली डेन्मार्कमध्ये उर्बान गॅड या दिग्दर्शकाने ‘आफग्रुंडन’ काढला. अर्थ: खोल दरी. लांबी ३५ ते ४० मिनिटं, म्हणजे त्या काळाच्या मानाने चांगलाच मोठा. याच सिनेमातून आस्टा नील्सन पहिल्यांदा पडद्यावर आली आणि पुढे युरोपातल्या पहिल्या मोठ्या स्टार्सपैकी एक झाली.

माग्दा पियानो शिकवते. तिचं लग्न एका पाद्रीच्या मुलाशी, क्नूडशी ठरलंय. सगळं नीट चाललेलं असताना ती रुडॉल्फ नावाच्या सर्कसवाल्याबरोबर निघून जाते. मग कळतं की रुडॉल्फचा डोळा इतर बायकांवरही आहे.

या सिनेमातला एक नाच गाजला. माग्दा रंगमंचावर रुडॉल्फला दोरीने बांधते आणि त्याच्याभोवती, त्याला जवळजवळ घासत नाचते. काही देशांत त्यावर सेन्सॉरची कात्री चालली. लोक त्यातल्या धीटपणाबद्दलच बोलत राहिले. पण दोरी कुणाच्या हातात आहे ते बघा. जो माणूस हातातून निसटतोय त्याला ती निदान रंगमंचावर तरी बांधून ठेवते.

नंतर ती रंगमंचावरच दुसऱ्या नर्तकीच्या अंगावर धावून जाते आणि काम जातं. शेवटी एका बागेतल्या हॉटेलात ती पियानो वाजवत असताना जुना प्रियकर क्नूड तिला ओळखतो. मग रुडॉल्फ येतो, झटापट होते आणि माग्दा चाकू चालवते. पोलीस तिला घेऊन जातात.

‘द सील्ड रूम’शी तुलना केली तर एक फरक लगेच दिसतो. राजाकडे सत्ता होती. त्याने हुकूम दिला, गवंड्यांनी काम केलं, तो मोकळा राहिला. माग्दाकडे नोकरी नाही, पैसा नाही, मारहाण करणारा माणूस सोडून जायची हिंमत नाही. संशय दोघांनाही पोखरतो, पण एकाच्या हातात अख्खा महाल असतो आणि दुसरीच्या हातात टेबलावरची सुरी.

आस्टा नील्सनचा अभिनय आजही बघण्यासारखा आहे. त्या काळचे अनेक नट छातीवर हात मारून, डोळे फिरवून दुःख दाखवायचे. ती नुसती उभी राहते, मान थोडी वळवते आणि आपल्याला कळतं की आत काय जळतंय.

नाकतोडा, कॅमेरा आणि किल्लीचं भोक

आता सगळ्यात भन्नाट सिनेमा. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर यायच्या एक वर्ष आधी, १९१२ साली, रशियात व्लादिस्लाव स्तारेविचने ‘कॅमेरामनचा सूड’ नावाचा साधारण १३ मिनिटांचा सिनेमा केला. त्यातली सगळी पात्रं किडे आहेत. मेलेले, खरे किडे.

झालं असं की स्तारेविच लिथुआनियातल्या काउनास शहरातल्या एका संग्रहालयात काम करायचा. त्याला नर भुंगेऱ्यांची झुंज चित्रित करायची होती. पण शूटिंगचे दिवे लागले की भुंगेरे थंड पडायचे. मग त्याने मेलेल्या भुंगेऱ्यांचे पाय काढून तिथे बारीक तारा बसवल्या, मेणाने चिकटवल्या आणि एकेक फ्रेम घेत त्यांना हलवलं. आज याला आपण स्टॉप-मोशन म्हणतो. तेव्हाच्या काही प्रेक्षकांना किडे शिकवून तयार केले आहेत असंच वाटलं होतं, असं सांगतात.

आता कथा. श्री. भुंगेरे कामाच्या नावाखाली शहरात जातात आणि क्लबमधल्या एका चतुर नर्तिकेच्या प्रेमात पडतात. (इथे चतुर म्हणजे पंखवाला कीटक. गैरसमज नको.) तीच नर्तिका एका नाकतोड्यालाही आवडते. भुंगेरेसाहेब त्याला ढकलून तिला घेऊन जातात. त्यांना हे माहीत नाही की नाकतोडा सिनेमाचा कॅमेरामन आहे.

नाकतोडा कॅमेरा खांद्यावर टाकून त्यांचा पाठलाग करतो. हॉटेलच्या खोलीच्या दाराशी बसतो आणि किल्लीच्या भोकाला लेन्स लावतो.

इकडे घरी श्रीमती भुंगेरे यांचंही एका चित्रकार किड्याबरोबर सूत जुळलेलं आहे. साहेब अचानक घरी येतात. चित्रकार धुराड्यातून पळतो. साहेबांचा संताप अनावर होतो, ते बायकोवर हात उचलतात. ज्या हातांनी काही वेळापूर्वी नर्तिकेला कवटाळलं होतं, त्याच हातांनी. मग ते मोठ्या मनाने बायकोला ‘माफ’ करतात आणि दोघं सिनेमा बघायला जातात.

प्रोजेक्टर कोण चालवतोय? नाकतोडा. पडद्यावर काय लागतं? हॉटेलच्या खोलीतलं शूटिंग. भर गर्दीत बायको छत्रीने नवऱ्याला झोडपते, नवरा प्रोजेक्टरच्या खोलीवर धावून जातो, आग लागते आणि शेवटी दोघं नवरा-बायको तुरुंगात एकत्र बसलेले दिसतात.

हसून झाल्यावर तीन गोष्टी लक्षात येतात.

एक, जो सगळ्यात जास्त संशय घेतो तो स्वतःच बाहेर फिरून आलाय. स्वतःच्या मनात काय चाललंय हे ठाऊक असल्यामुळेच त्याला दुसऱ्याच्या मनात तेच दिसतं.

दोन, नवऱ्याचं प्रकरण म्हणजे ‘कामासाठी शहरात’ आणि बायकोचं म्हणजे मारहाण. नियम दोघांना वेगळे. ही थट्टा १९१२ सालची आहे, पण ती समजायला आपल्याला तळटीप लागत नाही.

तीन, कॅमेरामन काही बिचारा नाही. त्यालाही ती नर्तिका हवी होती. ती मिळाली नाही म्हणून त्याने त्या दोघांचं खासगी आयुष्य चारचौघांत लावलं. सगळ्यांसमोर बेअब्रू झालेल्या त्या नर्तिकेचं पुढे काय झालं? ते सिनेमा विचारत नाही, आणि बदला घेणाऱ्यालाही त्याचं सोयरसुतक नसतं.

तोच गैरसमज, पण हशा

संशयाच्या सिनेमांचा दुसरा प्रकार म्हणजे कॉमेडी. १९१४ सालचा ‘मेबल्स स्ट्रेंज प्रेडिकमेंट’ घ्या. चार्ली चॅप्लिनने आपला तो ढगळ पँट आणि वेताच्या छडीचा वेश ज्या पहिल्या शूटिंगसाठी चढवला ते याच सिनेमाचं. दिग्दर्शन मेबल नॉर्मंडचं, आणि नायिकाही तीच.

हॉटेलात मेबल रात्रीच्या कपड्यांत खोलीबाहेर अडकते. मागे दारुडा चार्ली लागतो. ती घाबरून समोरच्या खोलीत शिरते आणि पलंगाखाली लपते. त्या खोलीतल्या गृहस्थांची बायको येते, मेबलचा प्रियकर येतो. पलंगाखाली बाई! झालं, मारामारी सुरू.

मेबलकडे अगदी साधं, खरं कारण आहे: दार बंद झालं आणि मागे एक माणूस लागला होता. पण ते ऐकायला कुणी थांबतच नाही. आपल्याला सगळं माहीत असतं म्हणून आपण हसतो. हेच दृश्य प्रियकराच्या डोळ्यांनी दाखवलं असतं, तर त्याचा ‘द सील्ड रूम’ झाला असता.

मराठी माणसाला हा खेळ नवा नाही. त्याच सुमारास, १९१६ साली, गोविंद बल्लाळ देवलांचं ‘संशयकल्लोळ’ गंधर्व नाटक मंडळीने संगीत नाटक म्हणून रंगभूमीवर आणलं. फाल्गुनराव आणि कृत्तिका एकमेकांवर संशय घेतात, आणि एक तसबीर भलत्याच हातात पडते म्हणून चार माणसांच्या आयुष्यात गोंधळ माजतो. पुरावा इथेही डोळ्यांना दिसलेलाच आहे. फरक एवढाच की नाटकात माणसं बोलतात. आरडाओरडा करतात, गातात, खुलासे करतात, आणि म्हणून शेवट गोड होतो.

याच देवलांनी त्याआधी शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’वरून ‘झुंझारराव’ही लिहिलं होतं. एका रुमालावरून बायकोचा जीव घेणाऱ्या नवऱ्याची गोष्ट. म्हणजे संशयाचा विनोद आणि संशयाची शोकांतिका, दोन्ही एकाच लेखकाकडे होती. दोन्हींमध्ये अंतर किती? कुणीतरी वेळेवर विचारलं आणि कुणीतरी ऐकलं, एवढंच.

माणूस नको, चित्र हवं

संशय टोकाला गेला की समोरचं माणूस उरतच नाही. १९१५ साली रशियन दिग्दर्शक येवगेनी बाउअरने केलेला ‘दिवास्वप्नं’ (मूळ रशियन नाव ‘ग्र्योझी’) एका रीलपेक्षा मोठा आहे, पण या विषयात त्याला वगळता येत नाही. बेल्जियन लेखक जॉर्ज रोडेनबाखच्या कादंबरीवर तो आधारलेला आहे.

एका माणसाची बायको वारलीये. त्याने तिची वेणी कापून काचेच्या पेटीत जपून ठेवलीये. एक दिवस रस्त्यात त्याला हुबेहूब तिच्यासारखी दिसणारी एक नटी दिसते. तो तिच्या मागे जातो, जवळीक करतो, तिला मेलेल्या बायकोचे कपडे देतो. पण नटी ती नटीच. ती मोठ्याने हसते, थट्टा करते, स्वतःच्या मर्जीने जगते. एके दिवशी ती त्या वेणीचीच खिल्ली उडवते, आणि तो त्याच वेणीने तिचा गळा आवळतो.

तिचा गुन्हा काय? ती त्याच्या मनातल्या चित्रासारखी वागली नाही. नजर तिच्यावर होती, पण तो तिला बघतच नव्हता.

याला आजार म्हणायचं का?

थोडीशी असुरक्षितता बहुतेक नात्यांत असते. ती बोलून दाखवता येते आणि ऐकून घेतलं की कमीही होते. पण काही जणांमध्ये जोडीदार फसवतोय ही खात्री कशानेच हलत नाही. ब्रिटिश डॉक्टर जॉन टॉड आणि केनेथ ड्यूहर्स्ट यांनी १९५५ साली या अवस्थेला ‘ऑथेल्लो सिंड्रोम’ असं नाव दिलं.

यात पुरावा मिळाला नाही तरी समाधान होत नाही. उलट ‘किती सफाईने लपवलंय’ असं वाटतं. खिसे तपासणं, पाठलाग करणं, तोच प्रश्न पुन्हापुन्हा विचारणं, कबुलीसाठी दबाव टाकणं ही त्याची लक्षणं. त्यातून हिंसा होऊ शकते, म्हणून मानसोपचारतज्ज्ञ हा प्रकार गांभीर्याने घेतात. पण संशय घेणारा प्रत्येक माणूस आजारी असतो असं नाही. अनेकदा त्यामागे ‘ही माझी मालमत्ता आहे’ हा जुना समज असतो, आणि त्याला डॉक्टरांचं प्रमाणपत्र लागत नाही.

किल्लीचं भोक आता खिशात आहे

लास्ट सीन. ब्लू टिक. रात्री दोनला ऑनलाइन. कुणाच्या फोटोला हार्ट दिलं. लाइव्ह लोकेशन. पासवर्ड.

या सगळ्यांत एक गोष्ट समान आहे: ते दिसतं, पण बोलत नाही. स्क्रीनशॉट म्हणजे आजचा मूकपटच. त्यात आधीचं वाक्य नसतं, नंतरचं नसतं, सूर नसतो. मधली पाटी आपणच आपल्या मनाने लिहितो. रात्री दोनला ती ऑनलाइन होती एवढंच दिसलेलं असतं. आजी आजारी होती, झोप येत नव्हती, ऑफिसचं काम होतं, हे विचारल्याशिवाय कळत नाही.

आणि ‘तो खूप पझेसिव्ह आहे गं’ हे आपण अजूनही कौतुकाने म्हणतो. राजाची ती खिडकी नसलेली खोली पण कौतुकानेच बांधलेली होती.

कायद्याच्या बाबतीत मात्र आपण १९१२ च्या बरेच पुढे आलोय. एखाद्या महिलेच्या इंटरनेट, ईमेल किंवा इतर इलेक्ट्रॉनिक संवादावर पुरुषाने पाळत ठेवणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७८ नुसार पाठलागाच्या गुन्ह्यात बसू शकतं. महिलेचे खासगी क्षण चोरून बघणं, चित्रित करणं किंवा ते पसरवणं हा कलम ७७ खाली गुन्हा आहे. म्हणजे आपला नाकतोडा आज गजाआड असता. अशी वेळ कुणावर आली तर सायबर गुन्ह्यांसाठी १९३० आणि महिलांच्या मदतीसाठी १८१ हे क्रमांक आहेत.

बघायचे असतील तर

यातले बरेचसे सिनेमे यूट्यूबवर फुकट बघायला मिळतात. सुरुवात ‘कॅमेरामनचा सूड’पासून करा. इंग्रजीत शोधताना ‘द कॅमेरामॅन्स रिव्हेंज’ हे नाव टाका. तेरा मिनिटं लागतील. मग ‘द सील्ड रूम’ बघा.

बघताना एक करा. ज्याच्यावर संशय घेतला जातोय त्याच्या ओठांकडे लक्ष द्या. ते हलत असतात. त्या माणसाला काहीतरी सांगायचं असतं, पण शंभर वर्षांपूर्वीच्या यंत्राला ते टिपता येत नव्हतं. आपल्या समोरच्या माणसाचा आवाज मात्र आपल्याला ऐकू येतो.